फिलिपिन्समधल्या अडल्ट सिनेमाचा इतिहास काय आहे आणि समाजावर त्याचा काय परिणाम झाला?

मला विचाराल तर हा इतिहास सेक्सचा कमी आणि सत्तेचा जास्त आहे.

१९७० च्या आसपास तिथे 'बोम्बा' म्हणजे उघड्यावाघड्या पिक्चरची लाट आली, नटी मर्ल फर्नांडेझचा 'उहाव' त्यातला गाजलेला. सेन्सॉरला एक प्रिंट दाखवायची आणि थेटरात मधेच भलतीच रिळं घुसडायची, असले उद्योग चालायचे. १९७२ ला राष्ट्राध्यक्ष मार्कोसने मार्शल लॉ लावला आणि हे बंद. पण फिल्मवाले कसले बेरकी, नागडं दाखवता येत नाही ना, मग हिरॉइनला पातळ कपड्यात पाण्यात उतरवा! अंगावर कपडा आहे म्हटल्यावर सेन्सॉर कापणार काय? १९७४ मध्ये ग्लोरिया डियाझ, म्हणजे १९६९ ची मिस युनिव्हर्स, अशीच भिजली आणि 'वेट लुक'चं पेवच फुटलं.

खरा कहर पुढे आहे. मार्कोसची बायको इमेल्डाबाई, त्यांना फिल्म फेस्टिवल भरवायचा होता म्हणून मनिला फिल्म सेंटर घाईघाईत बांधलं, १९८१ मध्ये बांधकाम कोसळून मजूर मेले तरी काम रेटलंच. नंतर पैशाची चणचण भासली तेव्हा त्याच सरकारी बिल्डिंगमध्ये कट न मारलेले बोल्ड पिक्चर लावून गल्ला भरला. विरोधकांची तोंडं बंद आणि पडद्यावर सगळं ओपन! पण त्याच काळात दिग्दर्शक पेके गालागाचा 'स्कॉर्पिओ नाइट्स' (१९८५) आला, खाली वॉचमनची बायको आणि वरच्या खोलीतून जमिनीच्या भोकाला डोळा लावून बसलेला कॉलेजचा पोरगा, त्या कोंदट खोल्यांत मार्कोसच्या शेवटच्या वर्षांतलं मनिला जेवढं दिसतं तेवढं पेपरात दिसत नसेल.

परिणाम म्हणाल तर सगळ्यात जास्त भोगलं पोरींनी. कोवळ्या मुलींना पेप्सी, कोका, सार्सी अशी चक्क कोल्ड्रिंकची नावं देऊन बाजारात उतरवलं, यावरून काय ते समजा. चर्चचा राग मात्र बहुतेक वेळा पिक्चरवर. २००१ मध्ये पोटासाठी स्टेजवर सेक्स शो करणाऱ्या गरीब पोरापोरींवरचा 'लाइव्ह शो' मनिलाचे आर्चबिशप कार्डिनल सिन यांच्या विरोधानंतर राष्ट्राध्यक्ष आरोयोंनी थेटरातून उतरवला आणि सेन्सॉर बोर्डाचे प्रमुख निकानोर टिओंगसन यांनी राजीनामाच दिला. मग तिथल्या बड्या एसएम मॉलवाल्यांनीही १८ वर्षांवरच्यांसाठीचे पिक्चर लावणं थांबवलं, म्हणजे धंद्याची मोठी थेटरंच गेली.

२०२१ पासून विवामॅक्स (आताचं नाव व्हीएमएक्स) ॲपवर तोच माल मोबाइलवर मिळतो, आणि बोर्डाचा कायदा १९८५ चा असल्याने स्ट्रीमिंगवर त्यांचा हक्क चालतो का यावर तिथे अजून भांडणं चालू आहेत.