प्रोस्टेट काढल्यानंतर वडिलांची लघवी गळते, काय करावं?

तुम्ही लिहिलंय की कर्करोगामुळे वडिलांची प्रोस्टेट काढून सहा आठवडे झाले, लघवीची नळी निघाल्यापासून लघवी गळते आणि त्या धास्तीने त्यांनी पाणी पिणंच कमी केलंय. मी स्वतः यातून गेलोय. आधी त्यांचं पाणी सुरू करा. लघवी घट्ट झाली की मूत्राशय चुरचुरतं, सारखी लागल्यासारखं वाटतं. बद्धकोष्ठता झाली तर कुंथताना आणखी गळतं. कमी करायचंच तर चहा-कॉफी करा.

सहा आठवडे हा फार थोडा काळ आहे. लघवी अडवणाऱ्या दोन झडपांपैकी आतलीचं काम या ऑपरेशनमध्ये बहुतेक संपतं आणि सगळा भार बाहेरच्या स्नायूवर येतो. तो तयार व्हायला महिने लागतात. बहुतेकांना तीन ते बारा.

केगेलचा, म्हणजे लघवी अडवणारा स्नायू आवळण्याचा व्यायाम डॉक्टरांनी सांगितला असेलच, पण तो नीट होतोय का ते बघा. गॅस अडवताना आत ओढला जातो, तो स्नायू. बरोबर आवळला की लिंगाचं मूळ किंचित आत जातं, अंडकोष वर उचलले जातात. मी तीन आठवडे श्वास रोखून पोट आणि कुल्लेच आवळत होतो. फिजिओथेरपिस्टनी माझाच हात माझ्या पोटावर ठेवायला लावला, तेव्हा चूक कळली. पाच सेकंद आवळायचं, तेवढंच सैल सोडायचं. दहा वेळा, दिवसातून तीनदा. लघवीची धार अडवून सराव करू नये.

मला खरा गुण आला तो उठण्याआधी आवळण्याने. खुर्चीच्या कडेला सरकायचं, पाय टेकवायचे, आवळायचं आणि मगच श्वास सोडत उठायचं. खोकला-शिंकेआधीही तसंच. संध्याकाळी स्नायू थकतो, तेव्हा जास्त गळतं. त्याने त्यांना खचू देऊ नका.

आणि पॅड वजन करून बघा. ओल्याच्या वजनातून कोरड्याचं वजा केलं की गळती कळते, 1 ग्रॅम म्हणजे साधारण 1 मिली. माझे चोवीस तासांचे दुसऱ्या महिन्यात 380 ग्रॅम भरले होते, चौथ्यात 90. मला वाटत होतं काहीच फरक नाही. आकडे बघून धीर आला.

ताप आला, रक्ताच्या गाठी पडल्या किंवा लघवी अडली तर लगेच डॉक्टरांकडे न्या. वर्षभरानेही पॅड भिजत राहिले तर स्लिंग (मूत्रमार्गाला आधार देणारी पट्टी) किंवा कृत्रिम झडपेचं ऑपरेशन असतं, त्याबद्दल युरॉलॉजिस्टना न संकोचता विचारा.

तोवर त्यांना घरात बसू देऊ नका. गडद पँट, खिशात एक जादा पॅड, आणि पहिल्या दिवशी तुम्ही सोबत चाला.