तिसरा नमुना सांभाळ

अनेक आशीर्वाद.

बियाणे निरीक्षक म्हणून रुजू झालीस, फार आनंद झाला. तालुका सोयाबीनचा आहे, तेव्हा मृगाच्या तोंडावर मोंढ्यात झुंबड उडणार आणि तुझं खरं काम तिथंच सुरू होणार. २०२० च्या खरिपात मराठवाड्यात सोयाबीन उगवलं नाही, तेव्हा औरंगाबाद खंडपीठानं स्वतःहून दखल घेतली होती. अप्रमाणित, म्हणजे तपासणीत नापास झालेल्या बियाण्याचे खटले कोर्टात टिकत नाहीत तेव्हा बियाणं चांगलं निघालं असं क्वचितच असतं. नमुना काढताना काही तरी राहिलेलं असतं. विकणारा सुटतो आणि दुबार पेरणीचा खर्च शेतकरी उचलतो, हे मला आजही सहन होत नाही.

१९६६ च्या बियाणे अधिनियमाची कलम १४ आणि १५ तोंडपाठ कर. नमुना घेणार असल्याची लेखी नोटीस दुकानातच, त्याच वेळी द्यायची. पंच किमान दोन हवेत. दुकानातला हमाल किंवा मुनीम पंच करू नकोस, तो साक्षीला फिरतो. बियाणं न्यायला आलेल्या शेतकऱ्यांना थांबव, लिहिलेलं वाचून दाखव आणि मगच सह्या घे. दुकानदारानं मागितली तर नमुन्याची बाजारभावानं किंमत द्यावी लागते, तिची पावती फाइलला लाव.

बॅगा न उसवलेल्या आणि एकाच लॉटच्या, म्हणजे एकाच तुकडीच्या निवड. सुट्या बॅगेतून घेतलंस तर कंपनी म्हणणार की भेसळ दुकानात झाली, आणि त्यावर तुझ्याकडे उत्तर नसेल. वरून, मधून, तळातून बियाणं घेऊन नीट मिसळायचं आणि मग एकसारखे तीन नमुने करायचे. सोयाबीनचं टरफल नाजूक असतं, आदळआपट झाली की उगवण घटते. उगवणीची किमान मर्यादा ७० टक्के. नमुना दोन दिवस जीपमध्ये उन्हात पडून राहिला, तर घट तिथंच झाली असं आरोपीचा वकील म्हणेल. पिशवी स्वच्छ, कोरडी, घट्ट बंद हवी. सीलची लाख गार होईपर्यंत तिला हात लावू नकोस. ठसा पुसट उमटला, तर उलटतपासणी त्या ठशापासूनच सुरू होते. लॉट नंबर, खरेदीचं बिल, साठा रजिस्टरचं पान तेव्हाच ताब्यात घे, नाहीतर कंपनीपर्यंत पोचता येत नाही.

एक नमुना विक्रेत्याला, एक परभणीच्या प्रयोगशाळेला, एक तुझ्याकडे. विक्रेत्यानं नाकारला तर तसं प्रयोगशाळेतल्या बियाणे विश्लेषकाला कळव. मग तो आपल्याकडच्या नमुन्याचे दोन भाग करून एक सीलबंद तुला परत पाठवतो.

तुझ्याकडचा तिसरा नमुना आरोपीच्याही हक्काचा आहे. खटला दाखल झाल्यावर आरोपी किंवा आपण कोर्टाला अर्ज करून हा नमुना वाराणसीच्या केंद्रीय प्रयोगशाळेत पाठवायला सांगू शकतो. तिथला अहवाल अखेरचा मानला जातो. पण तोवर लेबलावरची वैध मुदत उलटली असेल, तर फेरतपासणीला अर्थ उरत नाही. आरोपीचा हक्क बुडाला म्हणून कोर्टं खटले रद्द करतात, आणि मला ते न्याय्यच वाटतं. ज्याच्यावर आपण आरोप ठेवतो, त्याला आपलं म्हणणं तपासून पाहता आलंच पाहिजे. शिवाय पहिल्या गुन्ह्याला शिक्षा फक्त ५०० रुपयांपर्यंत दंडाची. अशा गुन्ह्याची दखल घ्यायला कोर्टाला सहा महिन्यांची मुदत असते. अहवाल आला त्या दिवशीच डायरीत तारीख लिही आणि खटल्याच्या मंजुरीच्या कागदामागे स्वतः लाग.

उगवण झाली नाही अशी लेखी तक्रार आली, तर बियाणे नियमांतल्या नियम २३-अ प्रमाणे शेतकऱ्याकडची रिकामी पिशवी, लेबल आणि उरलंसुरलं बियाणं ताब्यात घे. बियाणं उरलं नसेल तरी तक्रार परत पाठवू नकोस, त्याच लॉटचा नमुना दुकानातून घे. शेतकऱ्यानं तपासणीसाठी बियाणं राखून ठेवावं अशी अपेक्षा धरता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१२ मध्ये ग्राहक तक्रारीच्या प्रकरणात म्हटलंय. भरपाईसाठी ग्राहक आयोगाची वाट त्याला मोकळी आहे, हेही त्याला सांग.

पहिली फिर्याद तयार झाली की दाखल करण्याआधी मला दाखव.