जळगावात मूकाभिनय शिकून सिनेमात काम मिळू शकतं का?

मिळू शकतं, पण ‘माइम आर्टिस्ट हवा’ अशी जाहिरात येईल म्हणून वाट बघू नका. काम मिळतं ते अंगावरच्या ताब्यामुळे. हॉलिवूडमधल्या डग जोन्स या नटाचंच बघा. सुरुवात माइमपासून, आणि ‘द शेप ऑफ वॉटर’मधला (2017) जलचर त्यानेच केला. तोंडावर रबर चढलं की चेहरा संपतो, मग मान किती अंशात वळते त्यावरच सगळं. आपल्याकडचे माइम कलाकार इर्शाद पंजतन जर्मनीत गेले आणि 2001 च्या ‘डेअर शू देस मानितू’ या तिकडच्या विनोदी सिनेमात झळकले.

मी युवारंग या इथल्या विद्यापीठाच्या युवक महोत्सवासाठी मूकनाट्याच्या टीम बसवतो, त्यावरून सांगतो: हवेत हात टेकवून नुसती काचेची भिंत दाखवणं पुरेसं नाही. भरलेली कळशी उचलायची असेल तर हाताआधी कंबर कळशीकडे गेली पाहिजे, नाहीतर ती रिकामीच दिसते. सोबत थोडं नृत्य किंवा मल्लखांब करा, दोन मिनिटांचा व्हिडिओ तयार ठेवा.

मात्र ऑडिशनला संवाद मागतातच. अहिराणी असो की प्रमाण मराठी, बोलण्याचा सराव सोडू नका.