करंडा पुढे गेला तेव्हा

प्रिय मैत्रिणी,

तुझं पत्र दोनदा वाचलं. नेरूळच्या तुमच्या सोसायटीत संक्रांतीचं हळदीकुंकू होतं आणि करंडा तुझ्या हातात होता. ओळीने कुंकू लावत तू समोरच्या फ्लॅटमधल्या काकूंपाशी आलीस. त्यांनी मान किंचित पुढे केली आणि तुझा हात त्यांना टाळून शेजारच्या कपाळाकडे गेला. काकांना जाऊन दीड वर्ष झालंय. 'कुकर लावायचाय' म्हणत काकू उठल्या, वाण न घेताच. तेव्हापासून तू लिफ्टचा आवाज आला की दाराआड थांबतेस, मुलाला मागच्या गेटने बसपर्यंत नेतेस. रात्री ते आठवलं की कानशिलं तापतात. 'हे विसरू कसं?' असं विचारतेस.

विसरू नकोस, इतक्यात तरी. तुझ्या मनात दोन वेगळ्या गोष्टी एकमेकींत अडकल्यात.

एक आहे ओशाळलेपण. सगळ्याजणींनी पाहिलं, आता काय म्हणतील! कानशिलं तापतात ती यामुळे. ओशाळलं की चेहऱ्यातल्या रक्तवाहिन्या रुंदावतात आणि थोड्या वेळात पूर्ववत होतात. तेव्हा त्याच्याशी झटापट करू नकोस. 'मला ओशाळवाणं वाटतंय' असं मनाशी म्हण आणि ओसरू दे. शिवाय खरंच सगळ्यांनी पाहिलं का? थॉमस गिलोविच आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात विद्यार्थ्यांना लाज वाटेल असे टी-शर्ट घालून इतरांसमोर पाठवलं होतं. निम्म्या लोकांच्या तरी नजरेत आलं असेल, असं त्या मुलांना वाटत होतं. प्रत्यक्षात जेमतेम चौथ्या हिश्श्याच्या लक्षात आलं. हा प्रयोग 2000 साली प्रसिद्ध झाला. तुमच्याकडेही निम्म्या जणी वाणाच्या वाट्या बघण्यात गुंतल्या असतील.

पण एका बाईने मात्र नक्की पाहिलंय. तिथे दुसरी गोष्ट सुरू होते, ती म्हणजे अपराधी वाटणं. जून टँगनी या मानसशास्त्रज्ञ बाईंनी यावर वर्षानुवर्षं काम केलंय. 'मीच वाईट' असं वाटलं की माणूस तोंड लपवतो. 'माझ्या हातून वाईट घडलं' असं वाटलं की ते निस्तरायला धडपडतो. तू सध्या दाराआड उभी आहेस. तिथून बाहेर ये.

हात आपोआप वळला, असं तू लिहितेस, आणि माझा त्यावर विश्वास आहे. लहानपणापासून बघितलेलं हातात मुरतं. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे 2022 मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, पाठोपाठ राज्य सरकारनेही परिपत्रक काढून इतर गावांना तोच कित्ता गिरवायला सांगितलं. आपण शहरातल्या, शिकलेल्या, आणि आपल्या करंड्याला अजून कपाळं निवडायची सवय आहे. मला याचं फार वाईट वाटतं. पण हे काकूंना समजावत बसू नकोस. 'माझ्या मनात तसं नव्हतं' हेसुद्धा नको. ती तुझी बाजू झाली, त्यांचं दुखणं नाही.

एवढंच म्हण: 'काकू, त्या दिवशी मी तुम्हाला टाळून पुढे गेले. चुकलं माझं.' मग गप्प बस. रडू आलं तर आवर, नाहीतर त्यांनाच तुझी समजूत काढावी लागेल. उरलेलं वाण नेऊ का, असं विचारलंयस. नको. करंडाही नेऊ नकोस. त्यांना कुंकू लावून घ्यायचं होतं की नुसती मान पुढे झाली, हे त्यांनाच ठाऊक. पुढच्या वर्षी ओळीत त्यांच्यापाशी आलीस की 'लावू ना, काकू?' असं विचार. त्या नाही म्हणाल्या तर वाण दे आणि जवळ बस.

त्या कदाचित 'अगं, काही नाही' म्हणतील, कदाचित चहाही विचारणार नाहीत. दोन्ही चालेल. तू मात्र दुसऱ्या दिवशी मुलाला पुढच्याच गेटने ने.

त्या दुपारी झोपतात, असं तूच लिहिलंयस. तेव्हा पाचनंतर जा, आणि एकटी जा.

तुझी,
मावशी