दोन चंद्रांचं पंचांग

प्रश्न : माझ्या कादंबरीतल्या जगाला दोन चंद्र आहेत. एकाची अमावस्या दर ३० दिवसांनी, दुसऱ्याची दर ४२. महिने कसे पाडू? (एक वाचक, आर्वी तालुका)

उत्तर : महिने मागाहून पाडा. तिथले लोक कशाची वाट पाहतात, ते आधी ठरवा. आपल्या वावरात जून लागला की 'मृग निघाला का' एवढंच विचारतात, आणि मृग असतो सूर्याचा, सूर्य मृग नक्षत्रात शिरला की लागतो. पोळा मात्र चंद्राचा, श्रावण अमावस्येचा. बारा चांद्रमास ३५४ दिवसांत आटोपतात, सूर्याचं वर्ष ३६५ दिवसांचं, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना घालावा लागतो. नाही तर पोळा सरकत सरकत पेरणीत यायचा!

तुमच्या दोन्ही अमावस्या एकदा एकत्र आल्या की पुढे दर २१० दिवसांनी एकत्र येतील. सण तिथेच टाका. पण नुसतं 'मोठा उत्सव झाला' लिहू नका बाप्पा. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी आपण बैलाचे खांदे शेकतो, तूप-हळद चोळतो, 'आज आवतन घ्या, उद्या जेवायला या' म्हणतो. तसं काहीतरी हाताने करायचं तिथल्या माणसांनाही द्या. वर्ष किती दिवसांचं, ते कळवलं नाहीत. ते ठरल्याशिवाय अधिक महिना बसवता येणार नाही.