वाचकांचे प्रश्न : केबलच्या टोकाशी नवे काय?

प्रश्न : ११ केव्हीच्या एक्सएलपीई (क्रॉसलिंक्ड पॉलिथिलीनचे इन्सुलेशन असलेल्या) केबलला आम्ही आजवर हीट श्रिंक (ज्योतीने गरम करून आवळायचे) किट वापरत आलो. आता कोल्ड श्रिंक घ्या असा आग्रह होतो आहे. त्याने टर्मिनेशन (केबलचे जोडणीसाठी तयार केलेले टोक) फुटणे थांबेल का?

उत्तर : टॉर्चच्या ज्योतीमुळे फुटत असेल तर थांबेल, चाकूने पडलेल्या चिरेमुळे फुटत असेल तर थांबणार नाही. हीट श्रिंकमध्ये ज्योत चौफेर सारखी फिरली नाही, तर नळी एका बाजूला करपते, दुसऱ्या बाजूला सैल राहते आणि आत हवा कोंडते. कोल्ड श्रिंकची रबरी नळी कारखान्यातच ताणून प्लास्टिकच्या सर्पिल गाभ्यावर चढवलेली असते. गाभ्याची पट्टी उलगडत ओढली की ती आवळत जाते. लोडनुसार केबल फुगली-आकसली तरी रबर दाब सोडत नाही, हा तिचा मोठा गुण. मात्र एकदा बसलेली नळी सरकवता येत नाही, म्हणून आधी ड्रॉइंगप्रमाणे टेपची खूण करून घ्या. किट ताणलेल्या अवस्थेत साठवलेले असते, तेव्हा खोक्यावरची मुदतही पाहा.

निकाल लागतो तो सेमीकॉनच्या (इन्सुलेशनवरच्या काळ्या अर्धवाहक थराच्या) कडेशी. बाहेरचा सेमीकॉन थर जिथे संपतो तिथे विद्युत क्षेत्र एकवटते. ते पसरवण्यासाठी स्ट्रेस कंट्रोल नळी किंवा कोन असतो आणि त्याने ती कड झाकलीच पाहिजे. कापताना पाते इन्सुलेशनमध्ये केसभर जरी उतरले, तरी त्या चिरेत हवा राहते. एक्सएलपीईची परमिटिव्हिटी (ही जितकी कमी, तितका त्या थरावर विद्युत ताण जास्त) सुमारे २.३, हवेची १. त्यामुळे पातळ फटीतल्या हवेवर शेजारच्या इन्सुलेशनच्या दुपटीहून जास्त ताण येऊ शकतो, आणि हवेची सहनशक्ती तर फारच कमी. तिथे पार्शल डिस्चार्ज (फटीतल्या हवेपुरत्या बारीक ठिणग्या) सुरू होतो. चाचणीत पास झालेले टोक काही महिन्यांनी फुटते ते बहुधा यामुळेच.

चिकटलेल्या सेमीकॉनसाठी फिरते सोलण-हत्यार घ्या आणि पात्याची खोली आधी केबलच्या उरलेल्या तुकड्यावर ठरवा. मग अॅल्युमिनियम ऑक्साइडच्या कापडाने इन्सुलेशन गुळगुळीत करा. एमरी कापड नको, त्याचे कण वाहक असू शकतात. पुसताना लगकडून (कंडक्टरच्या टोकावरच्या धातूच्या जोडाकडून) सेमीकॉनच्या दिशेनेच पुसा. उलटे पुसले की काळा कार्बन इन्सुलेशनभर पसरतो. तोच फडका दुसऱ्यांदा वापरू नका.

प्रश्न : शिअर-बोल्ट लग (बोल्टने आवळायचे) क्रिम्पिंगपेक्षा (डाय म्हणजे साच्यात दाबून बसवण्यापेक्षा) भरवशाचे आहेत का?

उत्तर : चुकीची डाय निवडण्याचा धोका त्यांत नाही, आणि एकच लग अनेक आकारांना चालतो. ठरलेल्या टॉर्कला बोल्टचे डोके तुटते, तोच घट्टपणाचा पुरावा. अॅल्युमिनियम कंडक्टर आधी तारेच्या ब्रशने घासा (तांब्यावर वापरलेला ब्रश नको). सगळे बोल्ट हाताने लावून घ्या, मग किटमध्ये दिलेल्या क्रमाने आवळा. लग धरणाऱ्या हत्याराशिवाय आवळल्यास कंडक्टर वाकतो. तुटलेले टोक वर राहिले तर कानसने घासून भुकटी पूर्ण पुसून काढा.

प्रश्न : नव्या केबलची डीसी हायपॉट (जास्त व्होल्टेज लावून पाहण्याची) चाचणी पुरेशी आहे का?

उत्तर : एक्सएलपीईसाठी डीसी आम्ही सुचवणार नाही. तिने टर्मिनेशनमधले बरेच दोष उघड होत नाहीत, आणि जुन्या केबलमध्ये अडकलेला चार्ज पुढे इन्सुलेशनला घातक ठरतो. ०.१ हर्ट्झची व्हीएलएफ (अतिशय कमी फ्रीक्वेन्सीच्या एसीची) चाचणी करा. नव्या केबलसाठी आयईसी ६०५०२-२ या आंतरराष्ट्रीय मानकात ३ यू-शून्य (कंडक्टर ते अर्थ व्होल्टेजच्या तिप्पट), १५ मिनिटे असा पर्याय आहे, म्हणजे ६.३५/११ केव्ही केबलला सुमारे १९ केव्ही. सोबत पार्शल डिस्चार्ज मोजता आला तर अवश्य मोजा. चाचणी पास होणे आणि टोक निरोगी असणे यांतले अंतर त्यातूनच कळते.

प्रश्न : चालू लाइनवर टर्मिनेशनची तब्येत तपासण्याचे नवे मार्ग कोणते?

उत्तर : स्क्रीनच्या (इन्सुलेशनभोवतीच्या धातूच्या आवरणाच्या) अर्थ वायरवर हाय-फ्रीक्वेन्सी सीटी (करंट ट्रान्सफॉर्मर) अडकवून डिस्चार्जचे स्पंद पकडता येतात, आणि लगवर तापमानाचे बिनतारी सेन्सर बसवता येतात. पण सेन्सरआधी पॅनेल उघडून, अर्थातच सप्लाय बंद व अर्थ करून, नुसते डोळ्यांनी पाहा. अरुंद पॅनेलमध्ये कोर (केबलमधले इन्सुलेशनसह वेगवेगळे कंडक्टर) एकमेकांना चिकटले असतील आणि तिथे पांढरी भुकटी दिसत असेल, तर डिस्चार्ज आधीच चालू आहे. कोरमध्ये किटने सांगितलेले अंतर ठेवा.

आणखी एक, नेहमी निसटणारी गोष्ट : केबल कोअर-बॅलन्स सीटीतून (सगळ्या कोरभोवती बसवून अर्थ फॉल्ट ओळखणाऱ्या सीटीतून) जात असेल आणि स्क्रीनचा अर्थ सीटीच्या वरच्या बाजूला निघत असेल, तर ती अर्थ वायर सीटीतूनच परत खाली आणून मग अर्थ करा. नाहीतर केबलच्या अर्थ फॉल्टचा स्क्रीनमधून परतणारा करंट सीटीत वजा होतो आणि रिले (फॉल्ट दिसताच सप्लाय तोडायला लावणारे उपकरण) गप्प बसतो.