वाचकांचे प्रश्न: सूक्ष्म रोबो शिवार खातील का?

प्रश्न: स्वतःसारखेच रोबो घडवणारे सूक्ष्म रोबो मोकाट सुटले, तर गुलाबी बोंडअळीसारखे सगळे शिवार फस्त करतील का?
– एक कापूस उत्पादक, परभणी

उत्तर: ही भीती सूक्ष्म यंत्रांचा विचार मांडणारे अमेरिकी अभियंते एरिक ड्रेक्सलर यांनी १९८६ मध्ये मांडली. एकाचे दोन, दोनाचे चार होत दहाव्या फेरीला १०२४ होतात, हे गणित धडकी भरवणारेच आहे. मात्र अळीला जसे बोंड लागते, तसा यंत्रालाही कच्चा माल आणि ऊर्जा लागतेच. २०२१ मध्ये अमेरिकेतील संशोधकांनी बेडकाच्या पेशींपासून घडवलेल्या झेनोबॉट्स या सूक्ष्म जिवंत रोबोंनी बशीतल्या सुट्या पेशी गोळा करून आपल्यासारखे नवे गोळे तयार केले. त्या पेशी नसतील, तर ही वाढ होत नाही. औषध थेट कर्करोगाच्या गाठीपर्यंत नेणाऱ्या सूक्ष्म यंत्रांची आशा मला फार मोलाची वाटते, आणि त्या कामासाठी यंत्राची पिलावळ वाढण्याची गरजच नाही.